मुकादमांनी तारीख मागितली

सोमवार, बुधवार, शुक्रवार आणि शनिवार, असे आठवड्याचे चार दिवस विजयमाला नेरुळच्या भजनी मंडळात जायची. निदान तिच्या नवऱ्याची तरी तशी समजूत होती. सकाळचं सगळं आवरून, पिशवीत टाळांची जोडी टाकून ती कोपरखैरण्याच्या माथाडी वसाहतीतून निघायची, बस पकडायची आणि उतरायची ती थेट शिरवण्याला, लेकीच्या सासरी. तिथं पोचली की पदर खोचून भिंतीला टेकायची, पाय लांब करायची आणि तीन महिन्यांच्या नातीला, भाविकाला, पायांवर घेऊन तेल लावायची. टाळ वाजायचे, पण ते तिच्यासाठी. आज्जीने एकदा किण्ण केलं की ते लेकरू रडायचं थांबून डोळे एवढाले करायचं.

पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं असतं. विजयमालाच्या सात पिढ्यांत कुणाचं सासरी झालेलं नव्हतं. पण लेक माहेरी येत नव्हती आणि तिला बोलवायची सोय नव्हती, म्हणून विजयमालाने माहेरच पिशवीत भरून शिरवण्याला न्यायला सुरुवात केली. डिंकाचे लाडू, बाळंतशेपा, वेखंडाचं कांड, जुन्या लुगड्यांची दुपटी. वरून टाळ. कुणी पिशवीत डोकावलंच तर आधी टाळ दिसावेत.

बोलवायची सोय का नव्हती, तर त्याला कारण होतं जोतीरामचा शब्द.

जोतीराम कांदा-बटाटा मार्केटमध्ये माथाडींच्या टोळीचा मुकादम. साताऱ्याकडून आला तेव्हा मिसरूड फुटायचं होतं, आता मिशा पांढऱ्या झाल्या. गोणीचा नुसता कान धरून उचलली तरी किलोत वजन सांगायचा, आणि काटा त्याच्या मागून यायचा. टोळीत तो धरून सात जण. या सात जणांचा एक कायदा होता: पहाटेच्या चहाला, ग्लास हातात असताना टोळीसमोर दिलेला शब्द मोडायचा नाही. वामनने एकदा तंबाखू सोडायचा शब्द दिला आणि चौथ्या दिवशी मोडला. तेव्हापासून टोळीने त्याला वामन म्हणून हाक मारली नाही. तंबाखू म्हणूनच मारली. वर्षभराने माफ केलं; पण गेटवरचा वॉचमन अजून तंबाखूच म्हणतो.

तर दीड वर्षापूर्वी प्रियदर्शिनीने, म्हणजे घरच्या दर्शूने, महाप्याच्या ऑफिसात ओळख झालेल्या शिरवण्याच्या कुंदनशी रजिस्टर लग्न केलं, त्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे जोतीरामने चहाचा ग्लास हातात धरून सांगितलं, "त्या घराची पायरी मी चढणार न्हाय. ह्या दोन पायांनी तर न्हायच न्हाय."

मुलगा वाईट होता असं नाही. पण जोतीरामने गावाकडच्या एका स्थळाला तोंडभरून होकार कळवला होता, आणि लेकीला विचारायचं राहून गेलं होतं.

लेकही त्याचीच. तिने आईला फोन करून निरोप दिला, "आप्पांना सांग, ते येणार नसतील तर नको येऊ देत. मीपण बोलावल्याशिवाय येणार नाही."

"बोलवतोय कोण?" आप्पा म्हणाले.

झालं. तो चढणार नाही, ती बोलावल्याशिवाय येणार नाही, हा बोलावणार नाही. विजयमाला मधल्या मधे बसच्या फेऱ्या घालत राहिली.

बाकी तिचं नशीब थोर म्हणायचं. मंडळाचा संशय यावा अशा वेळी काही ना काही आडवं येऊन तिला वाचवायचं. दर्शूला नववा लागला तेव्हाची गोष्ट. जोतीराम संध्याकाळी मसाला मार्केटमधून डिंक, खारीक आणि खोबऱ्याच्या वाट्या घेऊन आला.

"हे कशाला?" तिने विचारलं.

"तुझ्या मंडळाला. प्रसाद करा."

"डिंकाचा प्रसाद?"

"भजन म्हणून कंबर धरत असंल बायकांची," असं म्हणून तो हातपाय धुवायला गेला.

बाळ झालं त्या आठवड्यात चांगला मोठ्या पाकळ्यांचा गावठी लसूण आला. तोही मंडळाला. लसणाने गळा मोकळा होतो, म्हणाला. विजयमालाने मनातल्या मनात देवाचे आभार मानले आणि सगळा लसूण बाळंतिणीच्या चटणीत घातला. दूध यायला लसणासारखं दुसरं काही नाही.

एकदाच काय ती पंचाईत झाली. रात्रीचं जेवताना तो म्हणाला, "म्हण की एखादं भजन. वर्ष झालं शिकतीयास." तिने डोळे मिटून, लहानपणी शाळेत पाठ केलेला अभंग दोन ओळी म्हटला आणि तिसऱ्या ओळीला खोकला काढला.

"गेल्या महिन्यात पण हाच म्हणलीस."

"आमच्याकडं एकेक अभंग घोटून घेतात."

"बरं," तो म्हणाला. "तुझा मोबाइल दे जरा. हवामान बघतो." आणि मोबाइल घेऊन बाहेर गॅलरीत जाऊन बसला तो चांगला अर्धा तास. मुकादमाला हवामानाची फार काळजी. कांदा भिजायला नको.

आणि अशा या बऱ्या चाललेल्या संसारात एका रविवारी नंदकिशोर वकील चपला काढून घरात आले.

नंदकिशोर वकिलांचं ऑफिस मार्केटच्या कँटीनवर. गाळ्यांची भांडणं, भाड्याचे करार, असलीच कामं त्यांच्याकडे जास्त. विजयमालाने चहा ठेवला आणि कान बाहेरच्या खोलीत ठेवले.

"हेबियस कॉर्पस म्हणतात याला," वकील सांगत होते. "कुणी कुणाला बेकायदा डांबून ठेवलं तर थेट हायकोर्टात जाता येतं. कोर्ट पोलिसांना सांगतं, त्या माणसाला आमच्यासमोर हजर करा."

"समोर म्हणजे? प्रत्यक्ष?"

"प्रत्यक्षच. कागदावर नाही चालत."

"मी असणार तिथं?"

"तुम्ही अर्जदार. तुम्ही नसाल तर कोण असणार?"

"आनि लहान लेकरू असलं आईच्या अंगावर पिणारं, तर?"

"तर आईबरोबर तेही येणार. पण मुकादम, एक लक्षात घ्या. मुलगी सज्ञान आहे, लग्न रजिस्टर आहे. ती उभी राहून मी माझ्या मर्जीने राहते म्हणाली की कोर्ट पाच मिनिटांत अर्ज निकाली काढतं."

"पाच मिन्टं," जोतीराम म्हणाला. खिशातलं पेन काढलं. मग म्हणाला, "चालतंय. कुठं सही करू?"

आतमध्ये चहा उतू गेला.

वकील गेल्यावर विजयमाला कंबरेवर हात ठेवून उभी राहिली. "पोरीच्या सासरावर केस? लाज नाही वाटत? काय डांबून ठेवलंय तिला त्यांनी? साखळदंडानं बांधलंय?"

"तुला काय म्हाईत?" तो शांतपणे म्हणाला. "तू काय जाऊन बघितलंयस का?"

विजयमालाने ओट्यावरचा चहा पुसायला घेतला आणि तीन वेळा पुसला.

सोमवारी ती शिरवण्याला गेली तेव्हा सांगावं म्हणून गेली होती. पण दर्शू रात्रभर जागी, डोळ्यांखाली काळं, केसाला दोन दिवस फणी नाही. भाविकाला मांडीवर देता देता ती बसल्या जागी डुलकी काढायला लागली, तेव्हा विजयमालाने ओठावर आलेलं गिळलं. बुधवारीही तसंच. शुक्रवारी सांगायचं ठरवून ती गेली, तर तिने तोंड उघडायच्या आधी पोलीस पोचले.

भाविका नुकतीच तिच्या पायांवर पालथी होती. तेल कोपरापर्यंत. दारात महिला फौजदार उभ्या, छातीवर नावाची पट्टी, सुनयना. मागे एक हवालदार, जिना चढून धापा टाकत. शिरवण्यात एके काळी भरतीचं पाणी घरात शिरायचं, म्हणून विहीणबाईंच्या घराचं जोतं उंच. नऊ पायऱ्या.

"प्रियदर्शिनी कुठायत?"

विहीणबाईंचं नाव पुतळा. नाव शोभावं अशा त्या दारात हात आडवा लावून उभ्या राहिल्या. "झोपलीय. उटवू नका. आता कुठं डोला लागलाय तिचा."

"त्यांना डांबून ठेवल्याची तक्रार आहे."

"डांबून? हिला?" पुतळाबाई एकदम हसल्याच. "ओ बाय, तिच्या खोलीत जायचं तर मना आदी दार वाजवायला लागतं. माझ्याच घरान मी दार वाजवते. कोनी केली ही तक्रार?"

"मुलीच्या वडिलांनी. जोतीराम, राहणार कोपरखैरणे."

पुतळाबाईंनी सावकाश मान वळवून विजयमालाकडे बघितलं. फौजदारांनीही बघितलं.

"आणि तुम्ही कोण?"

"मालिशवाली," विजयमालाच्या तोंडून निघून गेलं.

पुतळाबाईंच्या डोळ्यांत काहीतरी चमकलं. तीन महिन्यांत वेखंड किती उगाळायचं, धुरी किती द्यायची, यावरून दोघी विहिणींचं रोज वाजलं होतं. "हां, मालिशवालीच," त्या म्हणाल्या. "हात बरा हाय. पन बोलते लय. आनि टायमावर येत नाय."

"बस वेळेवर येत नाही त्याला मी काय करू?" विजयमाला फणकारली.

"नाव?"

"विजया."

"कधीपासून येता?"

"बाळ बारा दिवसांचं होतं तेव्हापासून."

"मुलीला इथे काही त्रास? खरं सांगा, घाबरू नका यांना."

"त्रास कसला? सासू सकाळ-संध्याकाळ मांदेलीचं कालवण पाजते. मी म्हणते अळीवाची खीर द्या. ऐकत नाहीत. तेवढं लिहा तुमच्या कागदात."

"माशानं दूध येतं," पुतळाबाई म्हणाल्या.

"अळिवानं येतं."

फौजदारांनी दोन्ही लिहून घेतलं. जाता जाता जरा वाकून हळूच म्हणाल्या, "मावशी, माझ्या वहिनीला सातवा लागलाय. तुमचा नंबर देऊन ठेवा ना."

या सगळ्या गलक्याने दर्शू उठून बाहेर आली होती. तिने जबाब दिला, सही केली, तारखेला हायकोर्टात हजर राहायचं ऐकून घेतलं. पोलीस गेल्यावर ती भिंतीला टेकून बसली. विजयमालाला वाटलं, आता ही आपल्यावर फुटणार. माहीत असून सांगितलं नाहीस म्हणून.

दर्शूने विचारलं, "आप्पा स्वतः येणार कोर्टात?"

"अर्ज त्यांचाच. येणारच की."

"मग मी जाणार," ती म्हणाली. "आई, माझी मोरपिशी साडी होते का गं आता? पोट बसलंय का बघ जरा."

*

तारखेच्या दिवशी जोतीराम पहाटे उठून दोनदा दाढी करून बसला. टोपी कडक इस्त्रीची. वामनच्या भाच्याची जीप ठरवली होती, कारण टोळीही येणार होती; मुकादमाचा कोर्टातला दिवस म्हणून सगळ्यांनी सुट्टी टाकली होती. विजयमालाला पुढच्या सीटवर बसवलं. मागे सात जण मांडीला मांडी लावून. जीप खड्ड्यात गेली की मागून खुळखुळ असा काहीतरी आवाज यायचा.

"काय वाजतंय ओ?" तिने मान न वळवता विचारलं.

"किल्ल्या," जोतीराम म्हणाला.

कोर्टाच्या खोलीत पंखे उंच, बाकं जड, आणि बोललेलं अर्धं इंग्रजीत. विजयमाला अंग चोरून शेवटच्या बाकावर बसली. पलीकडच्या बाजूला शिरवण्याची माणसं होती. कुंदन, पुतळाबाई, आणि मोरपिशी साडीत तिची लेक. खांद्यावर दुपट्यात गुंडाळलेली भाविका. दीड वर्षाने बाप आणि लेक एका छपराखाली आले होते, आणि दोघंही समोरच्या भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत होते.

न्यायमूर्ती दोन होते. एक वयस्क गृहस्थ, एक बाई. पुकारा झाला. जोतीराम उभा राहिला. खुळखुळ.

बाईंनी वर बघितलं. काही दिसलं नाही. मग त्यांनी दर्शूला पुढे बोलावलं आणि मराठीत विचारलं, "घाबरू नका. तुम्हाला कुणी जबरदस्तीने घरात अडकवून ठेवलंय का?"

"हो मॅडम," दर्शू म्हणाली.

नंदकिशोर वकिलांच्या हातातली फाइल खाली पडली.

"कुणी?"

"हिने." दर्शूने खांद्यावरचं गाठोडं दाखवलं. "तीन महिने झाले, सलग दोन तास झोपू दिलेलं नाही. आंघोळीलापण सोडत नाही. बाकी कुणाची काही तक्रार नाही. मी माझ्या मर्जीने लग्न केलंय आणि मर्जीने राहते."

बाईंनी ओठ मुडपून समोरचा कागद उलटला. "पोलिसांचा अहवालही तेच सांगतो."

फौजदार सुनयना पुढे आल्या. "येस मॅडम. घरातल्यांचे जबाब घेतले. शिवाय बाळाला मालीश करणारी बाई बाहेरची असल्याने तिचा जबाब महत्त्वाचा वाटला. तिच्या म्हणण्याप्रमाणे मुलगी सुखात आहे, फक्त आहाराबाबत..." बोलता बोलता त्यांची नजर शेवटच्या बाकावर गेली आणि तिथंच थांबली. "मावशी? तुम्ही इथे काय करताय?"

सगळी खोली वळली. विजयमालाने पदर डोक्यावरून कपाळापर्यंत ओढला. उपयोग नव्हता.

"कोण आहेत त्या?" वयस्क न्यायमूर्तींनी विचारलं.

"मालिशवाली, सर."

"पुढे या बाई. तुम्ही मालीश करता?"

"करते, साहेब."

"आणि आज कुणी बोलावलं तुम्हाला?"

"कुणी नाही. मी..." तिने कपाळावरचा पदर मागे सारला. "मी ह्यांची बायको."

"कुणाची?"

"ज्यांनी केस टाकलीय त्यांची."

टोळीच्या बाकावरून कुणीतरी खिंकाळल्यासारखं हसलं. वामन असणार. विजयमालाला धरणी फाटावी असं झालं. वर्षभराचं मंडळ, टाळ, बस, सगळं एका वाक्यात भर कोर्टात उघडं पडलं. तिने भीत भीत नवऱ्याकडे पाहिलं.

जोतीरामने मान वळवूनसुद्धा बघितलं नव्हतं. त्याला नवल वाटलेलंच नव्हतं. तो बघत होता दर्शूच्या खांद्याकडे, दुपट्यातून बाहेर आलेल्या एका एवढ्याशा मुठीकडे. ते दुपटं विजयमालाच्या जुन्या हिरव्या लुगड्याचं होतं, आणि ते लुगडं त्यानेच आणलेलं होतं, दर्शूच्या बारशाला.

डिंक, तिला एकदम आठवलं. खारीक. लसूण. हवामान, आणि मोबाइलमधले लेकीचे, नातीचे फोटो.

"म्हणजे अर्जदारांच्या पत्नी त्या घरात नेमाने जातात," बाई म्हणाल्या. आवाज कडक करायचा त्यांचा प्रयत्न होता. "मग मुलीला डांबलंय असं कोणत्या आधारावर म्हणताय? कोर्टाचा वेळ असा घेता येत नाही. दंड होऊ शकतो. वकीलसाहेब, समजवा यांना. मुलगी सज्ञान आहे, तिची मर्जी तिने सांगितली. अर्ज निकाली."

नंदकिशोर वकिलांनी मान तुकवली आणि जोतीरामची बाही ओढली. जोतीराम हलला नाही. खुळखुळला तेवढा.

"साहेब," तो म्हणाला, "पुढची तारीख?"

"तारीख कसली? प्रकरण संपलं."

"एक तरी द्या."

वयस्क न्यायमूर्तींनी चष्मा काढला. "अहो, माझ्या तीस वर्षांत लोक तारीख नको म्हणून हात जोडतात. तुम्हाला कशाला हवी?"

जोतीरामने टोपी काढून हातात घेतली. "आज पाच मिन्टं बघितली पोरगी. बाळाचं तर तोंड भिताडाकडं हाय."

दर्शूने खांदा बदलला. भाविका आता या बाजूला आली, आणि अर्धे डोळे उघडून सगळ्या कोर्टाकडे कंटाळून बघू लागली.

"घरी जाऊन बघा ना," बाई हळू आवाजात म्हणाल्या.

"पायरी चढणार न्हाय म्हणून शब्द दिलाय."

"कुणाला?"

जोतीरामने मागे बोट केलं. बाकावरची सहा माणसं शाळेतल्यासारखी उभी राहिली.

"तुम्ही यांना शब्दातून मोकळं करा," बाई त्यांना म्हणाल्या.

"चहाचा शब्द हाय, मॅडम," बाजीराव म्हणाला. टोळीत तोच सगळ्यांत दांडगा. "तो आमच्याबी हातात न्हाय."

"आमच्याही नाही," म्हणून न्यायमूर्तींनी पुढचं प्रकरण घ्यायला सांगितलं. पण जोतीराम दाराशी पोचेपर्यंत बाईंची नजर त्याच्या पाठीवर होती, हे विजयमालाने पाहिलं.

बाहेर व्हरांड्यात दोन्ही घरची माणसं दहा हातांवर उभी राहिली. शेवटी दर्शूच पुढे आली. बापाने हात पुढे केले. गोणी झेलायला करतात तसे, तळवे वर.

तिने बाळ दिलं नाही.

"इथं नाही आप्पा."

"दर्शे..."

"पोलिसांनी आणली म्हणून बघितली, असं नको. ती काय चोरीचा माल आहे का? घरी या. मी बोलावतेय ना." तिने ओठ दातात धरला. थेट बापासारखा. "मी तुमच्या बोलावण्याची वाट बघत बसले दीड वर्ष. आता मीच बोलावते. तुम्ही या."

आणि ती वळून चालायला लागली. पुतळाबाई जाता जाता थांबल्या. जोतीरामला म्हणाल्या, "जेवन करते. पापलेट हाय." आणि विजयमालाकडे बघून, "मालिशवालीलापन घेऊन या."

*

जीपला पनवेलचा रस्ता लागल्यावर विजयमालानेच तोंड उघडलं.

"कधीपासून माहीत होतं?"

"पहिल्या आठवड्यापासनं," मागून आवाज आला. "पदराला मांदेलीचा वास. कुठल्या मंडळात मांदेली शिजवत्यात? लेकरू झाल्यावर वेखंडाचा यायला लागला."

"मग बोलला का नाही?"

"बोललो असतो तर तुझं जाणं बंद करावं लागलं असतं. शब्द म्हणजे शब्द." मग जरा वेळाने, "तो वास बरा वाटायचा."

विजयमाला समोरच्या काचेकडे बघत राहिली. काच काही नीट दिसेना.

"आता काय करायचं मुकादम?" वामनने विचारलं.

"काय करणार? चहाचा शब्द."

मग टोळीने चालत्या जीपमध्ये सभा भरवली. मुकादम नक्की काय बोलला होता, ते प्रत्येकाने आपापल्या आठवणीप्रमाणे सांगितलं. पायरी चढणार नाही, यावर सगळ्यांचं एकमत. ह्या दोन पायांनी तर नाहीच नाही, हेही वामनने लावून धरलं. शब्दाच्या बाबतीत तो आता फार काटेकोर झाला होता.

"ह्या दोन पायांनी," बाजीराव पुन्हा म्हणाला. मग म्हणाला, "गाडी शिरवण्याला घे."

"अरे पन..."

"मुकादम, कांद्याची गोणी गाळ्याची पायरी चढती का?"

"गोणी कशी चढंल? तिला पाय हायत का?"

"मग कोण चढतं?"

जीपमध्ये जन्माचे सात हमाल बसले होते.

नऊ पायऱ्यांच्या खाली जीप थांबली तेव्हा शेजारच्या दोन बिल्डिंगांच्या गॅलऱ्या भरल्या. वर दारात दर्शू, कुंदन, पुतळाबाई. बाजीरावने डोक्याचं फडकं सोडून पाठीवर पसरलं, पायरीशी पाठ वाकवून उभा राहिला आणि हाक दिली, "लावा!" दोघांनी मुकादमाला काखेत धरून उचललं आणि त्याच्या पाठीवर लादलं.

"अरे गुडघ्यात वाक, कमरंत न्हवं!" पाठीवरून जोतीराम ओरडला. "किती वेळा सांगितलं! डावा पाय आधी! चपटा टाक पाय!"

"गोणी बोलत न्हाय, मुकादम," बाजीराव दातओठ खात म्हणाला.

"तोल बघ, तोल!"

"काय खात्यात ओ वयनी, यांना काय घालता?"

"मंडळाचा प्रसाद," विजयमाला मागून चढत म्हणाली. एका हाताने तिने नवऱ्याचं धोतर सावरून धरलं होतं आणि दुसऱ्या हाताने स्वतःचं हसू.

प्रत्येक पायरीला खुळखुळ वाजत होतं. नवव्या पायरीवर, उंबऱ्याच्या आत, बाजीरावने त्याला फरशीवर अलगद उभं केलं. आयुष्यभर दुसऱ्याचं ओझं वाहिलेला माणूस पहिल्यांदा ओझं होऊन आला होता. त्याला आपल्या हातांचं काय करावं कळेना.

दर्शू पुढे आली आणि तिने त्याच्या हातांना काम दिलं.

भाविकाने त्याच्या मिशीकडे बघितलं. रडावं की नाही, याचा बराच विचार केला. मग एक पाय दुपट्यातून काढून त्याच्या छातीवर मारला. जोतीरामने तिला जरा वर-खाली केलं, सवयीने.

"पाच किलो सहाशे," तो म्हणाला.

"पाच सातशे, आप्पा. कालच दवाखान्यात काटा केला."

"वरचं शंभर तेल हाय. मालिशवालीनं लावलेलं."

पुतळाबाई पापलेट तळायला आत गेल्या. टोळी पाय धुऊन ओळीने बसली. उतरायचं कसं, असं वामनने काढलं; उतरणार नाही असा शब्द कुणी दिलेलाच नाही, हे बाजीरावने कंबर चोळत सांगितलं. पुढच्या वेळी मात्र टोळी आळीपाळीने उचलेल, हेही त्याने लगेच ठरवून टाकलं.

दर्शू बोलता बोलता खाटेवर टेकली होती. मोरपिशी साडीतच, हात उशाला घेऊन, तोंड अर्धवट उघडं ठेवून ती झोपली होती. विजयमालाने तिच्या पायावर चादर टाकली आणि घड्याळ बघितलं. दोन वाजत होते.

जोतीरामने बाळाला खांद्यावर घेतलं आणि तो या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चकरा मारायला लागला. पहिल्याच पावलाला खिशातला खुळखुळा वाजला. तो थबकला, लेकीकडे बघितलं, एका हाताने खिसा घट्ट आवळून धरला, आणि मग चार वाजेपर्यंत तसाच, खिसा धरून, पाय न वाजवता चालत राहिला.